लोळ्याचं लाल कार्ड

अंतिम सामना तिच्या वाट्याला आला तो कुणाला तिचा पुळका आला म्हणून नव्हे. छे! त्या फुटबॉल लीगमध्ये एक रीत होती. अंतिम सामन्याआधी दोन्ही क्लबांना बोलावून रेफ्रींची नावं वाचून दाखवत, आणि ज्याला जो नको असेल त्याच्यावर काट मारायची मुभा असे. त्या वर्षी बंदरवाले आणि रेल्वेवाले समोरासमोर आले होते, आणि दोघांचं विळ्याभोपळ्याचं सख्य. बंदरवाल्यांनी एकावर काट मारली की रेल्वेवाले लगेच दुसऱ्यावर. हा त्यांचा मेहुणा लागतो, तो यांच्याकडे जेवायला गेला होता, तिसऱ्यानं मागच्या वर्षी पेनल्टी दिली नाही. अशी काटाकाटी करता करता पुरुष संपले. मग सेक्रेटरीनं चष्मा पुसून पाहिलं तर एकच नाव शिल्लक. रेफ्रीबाईचं! तिच्यावर काट मारायचं कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं. जिला रेफ्री म्हणून कधी मोजलंच नाही, तिला नको तरी कशाला म्हणतील?

सेक्रेटरीनं फोन केला तोही अशा आवाजात, जणू घरात कुणी नाही म्हणून शेजारणीकडे किल्ली ठेवतोय. "मॅडम, तेवढं सांभाळून घ्या हं."

"काय सांभाळू?" तिनं विचारलं.

"नाही, म्हणजे... अंतिम सामना आहे ना."

"मला वाटलं हळदीचा कार्यक्रम आहे," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

सोळा वर्षं ती शिट्टी वाजवत होती. सुरुवात धुळीच्या मैदानांवर, मग बायकांचे सामने, मग परदेशातल्या मुलींच्या स्पर्धा. पुरुषांच्या लीगमध्ये यायचं तर पुरुषांच्या वेळेत धावून दाखवा म्हणाले, तर तीही धावली. दरवर्षी त्या चाचणीत दोन-चार ढेरपोटे मधेच कमरेवर हात ठेवून बाजूला व्हायचे, आणि तरी पुढच्या महिन्यात मोठा सामना त्यांनाच मिळायचा. तिला मिळायचे मेलेले सामने. शेवटून पहिला विरुद्ध शेवटून दुसरा, कुणी जिंकलं काय आणि हरलं काय, प्रेक्षकांत चार म्हातारे आणि एक कुत्रं. वर्षातून एकदा महिला दिनाच्या आसपास तिला फुलं देऊन फोटो काढायचे आणि मग पुढच्या महिला दिनापर्यंत तिचा नंबरसुद्धा कुणाच्या फोनमध्ये सापडायचा नाही.

अंतिम सामन्याच्या दिवशी स्टेडियममध्ये तिला कपडे बदलायला दिली ती सामानाची खोली. इतक्या वर्षांत इथे रेफ्रींच्या खोलीला दुसरं दार करावं असं कुणाला सुचलं नव्हतं. कोपऱ्यात झेंड्यांच्या काठ्या, हवा गेलेले फुटबॉल, मैदानावर पांढऱ्या रेघा मारायचं गळकं यंत्र. आणि या सगळ्याच्या मधोमध स्टुलावर प्लास्टिकच्या गुलाबांची फुलदाणी. फुलदाणी अध्यक्षांनी पाठवली होती. पाठोपाठ ते स्वतःही आले, बरोबर कॅमेरावाला.

"आज इतिहास घडतोय, मॅडम!" अध्यक्ष कॅमेऱ्याकडे बघत म्हणाले.

"साहेब, दार लावून घ्या. मला बूट घालायचेत."

कॅमेरावाला गेला. अध्यक्ष मात्र रेंगाळले. हा माणूस जन्मात चेंडूला पाय न लावता फुटबॉलचा अध्यक्ष झाला होता, आणि बंदर क्लबचा मालक त्याचा सख्खा साडू. आवाज खाली आणून ते म्हणाले, "वर निरीक्षक बसलेत. बाहेरून आलेत, खास. जागतिक स्पर्धेसाठी आपल्याकडून रेफ्री म्हणून एकच नाव जाणार आहे. आज नीट झालं तर तुमचंच. पुढच्या खेपेला तुमचं वय बसणार नाही, हे तुम्हाला माहीतच आहे."

माहीत होतं. चांगलंच माहीत होतं. ती या संघटनेतल्या झाडून साऱ्यांना कवडीमोल समजायची, अध्यक्षांना तर त्याहून कमी; पण ती जागतिक स्पर्धा तिला हवी होती. सोळा वर्षं पहाटे उठून पळताना दुसरं काही डोळ्यांपुढे नव्हतं. तिनं बुटाची नाडी अशी करकचून आवळली की पाय दुखला.

मैदानाच्या कडेला चौथा रेफ्री म्हणून गुरुजी होते. गुरुजी कुठल्या शाळेत शिकवत नव्हते. सगळ्यांना शिकवायची खोड, म्हणून ते नाव पडलेलं. दोन्ही क्लबांनी त्यांच्यावर काट मारली होती, त्यामुळे तोंड एवढंसं झालेलं. आता सामनाभर कानातल्या यंत्रातून ते तिला उपदेश करणार होते.

"हे बघ, तू माझ्या धाकट्या बहिणीसारखी, म्हणून सांगतो," गुरुजी सुरू झाले. "अंतिम सामन्यात एकच नियम. चेहऱ्यावर काही दिसू द्यायचं नाही."

"गुरुजी, तुमच्या चेहऱ्यावर दुपारचं जेवण दिसतंय. पुसा."

आणि मग लोळ्या. रेल्वेचा आघाडीचा खेळाडू, लीगमधला सगळ्यात महागडा. गोल मारायचा हे खरं, पण त्याचं नाव झालं होतं ते लोळण्यामुळे. वारा लागला तरी हा पडायचा. पडायचा म्हणजे कसा? आधी किंकाळी, मग तीन कोलांट्या, मग गुडघा छातीशी धरून तडफड. आणि पडता पडता, हवेत असतानाच, एक डोळा रेफ्रीकडे. शिट्टी मिळाली की गडी टुणकन उभा. नाही मिळाली तर आकाशाकडे हात. अशा माणसाची तिला किळस यायची. कामचुकार माणूस एकवेळ परवडला, पण खोटं दुखणं काढणाऱ्याला फटकेच दिले पाहिजेत, असं तिचं मत होतं आणि ते ती लपवत नसे.

पहिल्या हाफमध्येच लोळ्यानं आपला कार्यक्रम केला. बंदरचा बचावपटू जवळून नुसता गेला, आणि हा पेनल्टीच्या चौकोनात आडवा. एक डोळा तिच्याकडे. तिनं शांतपणे जाऊन पिवळं कार्ड दाखवलं.

"मॅडम, आईशप्पथ लागलं!"

"आईला मधे आणू नकोस. ऊठ. पुन्हा लोळलास तर घरी जाऊन लोळायचं."

कार्ड बघून तीस हजार लोक हसले. स्टेडियम बंदरवाल्यांचं होतं, पण लोळ्यावर सगळ्यांचाच राग. कानात गुरुजी म्हणाले, "छान. असंच." तिला बरं वाटलं, आणि गुरुजींच्या शाबासकीनं आपल्याला बरं वाटावं याचं वाईटही वाटलं.

दुसरा हाफ अर्धा सरला तरी गोल नव्हता. रेल्वेवाल्यांनी डावीकडून चेंडू काढला, उंच टाकला, आणि लोळ्या त्याच्यावर धावून गेला. चौकोनात शिरल्यावर दोन पावलांत तो जमिनीवर. त्याच्या अंगाला कुणी लागलं नव्हतं. सगळ्यात जवळचा बचावपटू चांगला हातभर लांब. तिनं ते स्वच्छ पाहिलं आणि शिट्टी फुंकली. फुंकतानाच तिला आतून उकळ्या फुटत होत्या. सापडलास, बेट्या! ती धावत गेली, खिशातून दुसरं पिवळं काढलं, दोन पिवळ्यांचं लाल होतं म्हणून मग मागच्या खिशातून लाल, आणि हात इतका उंच नेला की खांद्यात कळ आली.

स्टेडियम उठून उभं राहिलं. आजवर तिच्यासाठी कधी कुणी टाळी वाजवली नव्हती, आज तीस हजार माणसं नाचत होती. बंदरवाले तर नाचणारच; पण रेल्वेचे खेळाडूसुद्धा भांडायला आले नाहीत. त्यांच्या कॅप्टननं लोळ्याकडे बघून हात झटकले आणि पाठ फिरवली. व्हीआयपी खुर्च्यांत अध्यक्ष निरीक्षकांच्या कानाला लागले होते, आणि निरीक्षक मान हलवत होते.

"जिंकलंस!" गुरुजी कानात ओरडले. "आता चेंडू लवकर चालू कर."

लोळ्या उठला नव्हता. तो ओरडतही नव्हता, आणि हेच चमत्कारिक होतं. पालथा पडून त्यानं मान मागे वळवली होती, आणि बारीक आवाजात विचारत होता, "मागून कुणी मारलं? कुणी लाथ मारली?"

मागे कुणी नव्हतंच.

तिनं कार्ड धरलेला हात खाली घेतला. मागे एकदा धावण्याच्या चाचणीत तिच्या पुढे पळणारा एक रेफ्री असाच कोसळला होता. पडल्या पडल्या मागे वळून तिलाच म्हणाला होता, "लाथ का मारलीस गं?" ती तर चांगली लांब होती. त्याच्या टाचेवरची जाड नस तुटली होती. डॉक्टर म्हणाले, ही नस तुटली की माणसाला मागून कुणीतरी हाणल्यासारखंच वाटतं, आणि तो मागे बघतो.

आता पडताना लोळ्यानं कुठे पाहिलं होतं? तिनं डोळे मिटून आठवलं. तिच्याकडे नाही. इतक्या वर्षांत हा माणूस रेफ्रीकडे न बघता कधी पडला नव्हता, आणि आज पडला होता. तिनं ते पाहिलं होतं. पाहूनही शिट्टी फुंकली होती, कारण पडणारा लोळ्या होता. दुसरा कुणी असता तर आधी डॉक्टर बोलावला असता. कार्ड तिनं पडण्याला दाखवलं नव्हतं, माणसाला दाखवलं होतं, आणि दाखवताना मजा आली होती. रेफ्रीनं याहून हलकट काम करायचं तरी कोणतं?

"माझी चूक झाली," ती कानातल्या यंत्राच्या माईकमध्ये म्हणाली. "कार्ड मागे घेतेय."

कानात गुरुजी किंचाळले, "वेड लागलंय का तुला? कुणाला काही कळलेलं नाही! त्याचे स्वतःचे लोक गप्प आहेत! चेंडू चालू कर, एकदा चालू झाला की संपलं, मग देवालाही बदलता येत नाही!"

"म्हणूनच आत्ता घेतेय."

"अगं, काढलेलं कार्ड खिशात घालणारा रेफ्री रेफ्री राहत नाही! वर निरीक्षक बसलेत! जागतिक स्पर्धेचं काय?"

ते तिला सांगायची गरज नव्हती. शिट्टी तोंडात होती, फुंकली असती तर खेळ चालू झाला असता, लोळ्याला स्ट्रेचरवरून आणि लाल कार्डासकट बाहेर नेलं असतं, आणि सगळं जग म्हणालं असतं की बाईनं काय कणखरपणा दाखवला! तिला सगळ्यात चीड आली ती याची. जन्मात पहिल्यांदा हे सगळे तिच्यावर खूश झाले होते, तेही नेमके ती चुकल्यावर.

तिनं शिट्टी तोंडातून काढली. डॉक्टरला हात केला. लोळ्या उठायला बघत होता, तेव्हा गुडघ्यावर बसून त्याची पोटरी दाबून धरली आणि खेकसली, "हलू नकोस, मूर्खा. नस तुटलीय तुझी." मग उभी राहून दोन्ही हात आडवे हलवले. कार्ड रद्द. दोन्ही कॅप्टनांना बोलावून दोन वाक्यांत सांगितलं: माझा निर्णय चुकला, तो जखमी आहे, रेल्वेनं बदली खेळाडू घ्यावा, चेंडू बंदरच्या गोलकीपरला मिळेल.

पुढची दहा मिनिटं मैदानावर बाटल्या पडत होत्या. जे नाचत होते तेच आता तिच्या सात पिढ्यांचा उद्धार करत होते. बंदरच्या कोचनं कोट काढून आपटला. व्हीआयपी खुर्च्यांत अध्यक्षांचं डोकं दोन्ही हातांत. ती धावत राहिली, चेंडूच्या मागे, दर वेळी नीट जागेवर, कारण आता तेवढंच तिच्या हातात होतं.

आणि मग बंदरवाल्यांनी अगदी शेवटी गोल केला. सरळ, स्वच्छ, कुणी बोट ठेवू नये असा. सामना संपला, बंदरवाले जिंकले, आणि काय चमत्कार! एका मिनिटात सगळ्यांचा राग विरघळला. जिंकलेल्या माणसाचं मन किती मोठं होतं ते तिथे बघायला हवं होतं. स्टेडियमच्या मोठ्या पडद्यावर एक फोटो आला: ती गुडघ्यावर बसलेली, लोळ्याच्या पायावर हात, लोळ्याचे डोळे पाण्यानं भरलेले. मूर्खा म्हणतानाचं तोंड बाजूनं टिपलेलं, त्यामुळे ती काहीतरी मायेनं बोलतेय असं वाटत होतं. लोकांनी हुंदके दिले. सकाळपासून लोळ्याच्या नावानं खडे फोडणारे लोक!

बक्षीस समारंभाच्या पायऱ्यांशी अध्यक्षांनी तिला गाठलं. चेहरा नुसता फुललेला.

"मॅडम, तुम्ही काय केलंत तुम्हाला कल्पना नाही! तो फोटो जगभर फिरतोय. निरीक्षक आधी फार नाराज होते, निर्णयात ठामपणा नाही म्हणाले. पण त्यांना वरून फोन आला. खेळातली करुणा, बाईच्या काळजाची माया, असं काहीतरी त्यांनाही हवंच होतं. मी तुम्हाला आत्ता करुणेचं खास पदक देतोय. तुमचं नाव नक्की झालं म्हणून समजा!"

"करुणा?" ती म्हणाली.

"हो ना! फक्त माईकवर दोन शब्द बोला. त्याला बघून तुमच्यातली आई जागी झाली, मन द्रवलं, एवढंच. पाठ करायचीसुद्धा गरज नाही."

"साहेब, मी आई नाही."

"अहो, बाईमाणूस म्हणजे आईच की!"

तिनं अध्यक्षांकडे पाहिलं. सोळा वर्षं या माणसांनी तिला रेफ्री म्हटलं नव्हतं. आज सगळ्यात अवघड काम तिनं रेफ्री म्हणून केलं होतं, तेही त्यांनी उचलून आईच्या पदरात टाकलं. पण नाव जाणार होतं. दोन शब्दांत. हो म्हणायचं, मान खाली घालायची, उद्या विमानात बसायचं. तिला हो म्हणावंसं वाटत होतं. खरंच वाटत होतं.

माईक हातात आला तेव्हा पदकाची फीत गळ्यात टोचत होती.

"साहेब म्हणतात माझं मन द्रवलं," ती म्हणाली. "द्रवलं-बिवलं काही नाही. हा खेळाडू मला बिलकूल आवडत नाही. तो ढोंगी आहे, आणि पुढच्या मोसमात ढोंग केलंन तर पुन्हा कार्ड खाईल. आज त्यानं ढोंग केलं नव्हतं. मी नीट पाहिलं नाही, आकसानं कार्ड काढलं. चूक माझी होती. ती दुरुस्त केली. दया येऊन कार्ड मागे घेणाऱ्या रेफ्रीला तुम्ही घरी पाठवायला हवं, पदक कसलं देता?"

तिनं फीत गळ्यातून काढून अध्यक्षांच्या हातात दिली. आधी कुठेतरी एक शिट्टी वाजली, मग हुर्यो सुरू झाली, आणि मग अख्खं स्टेडियम. रडून झाल्यावर कुणी तुमचं रडणं वाया गेलं म्हणून सांगितलं की माणूस फार चिडतो.

"पायावर धोंडा मारून घेतलात," अध्यक्ष दातओठ खात म्हणाले. माईक बंद आहे याची त्यांनी आधी खात्री करून घेतली. "गेलं तुमचं नाव. गुरुजींचं पाठवतो."

"पाठवा," ती म्हणाली. "तोंड पुसून पाठवा."

सामानाच्या खोलीत येऊन तिनं दार लावलं आणि हवा गेलेल्या फुटबॉलांच्या ढिगाशेजारी बसकण मारली. मग तिला रडू फुटलं. मोठ्यानं, हुंदके देत, नाक पुसत. इतकी वर्षं जे हवं होतं ते हातात आलं होतं, आणि तिनं स्वतःच्या तोंडानं घालवलं होतं. त्यात काही थोर वाटत नव्हतं. नुसतं दुखत होतं.

फोन वाजला. आईचा. आई फुटबॉल कधी बघत नसे, पण आज बाबांबरोबर टीव्हीसमोर बसली होती. बाबा निवृत्त मुख्याध्यापक. घरात शेवटचा शब्द त्यांचा.

"रडतेयस का गं?" आईनं विचारलं.

"नाही. सर्दी झालीय."

"बरं. हे चिडलेत तुझ्यावर. म्हणतात, इतक्या लोकांसमोर माझं चुकलं म्हणायची काय गरज होती? अधिकाराच्या जागेवरच्या माणसानं असं कधी म्हणू नये."

"आणि तू काय म्हणतेस?"

मागे टीव्हीचा आवाज येत होता, आणि बाबांचा, त्याहून मोठा.

"मी काय म्हणणार?" आई म्हणाली. "पन्नास वर्षं झाली माझ्या लग्नाला. या घरात 'माझी चूक होती' हे मी आज पहिल्यांदा ऐकलं. मी त्यांना म्हटलं, आवाज वाढवा जरा, पुन्हा दाखवताहेत, मला पुन्हा ऐकायचंय."